माझ्या नावाचा मोतीबिंदू

मला मोतीबिंदू झाला आहे, हे मला आमच्या साहेबांकडून कळलं. माझं वय तेव्हा एकोणतीस. साधा चष्मासुद्धा नव्हता!

गोष्ट नव्वदीच्या शेवटशेवटची. नवऱ्याला, म्हणजे मकरंदला, बोम्मसंद्र्याच्या एका कारखान्यात नोकरी लागली म्हणून आम्ही पुणं सोडून बंगलोरला आलो. इंदिरानगरात एका घराचा वरचा मजला भाड्यानं घेतला, आणि चालत जाण्याच्या अंतरावर मलाही एका छोट्या सॉफ्टवेअर कंपनीत काम मिळालं. वर्षभरानं नागपूरहून माझे सासरे कायमचे राहायला आले. बाबा गणिताचे निवृत्त मास्तर. बंगलोरची हवा आवडली, इडल्या आवडल्या, बागा आवडल्या. तक्रार एकच.

"या गावात बुद्धिबळाला माणूस नाही, बाप्पा!"

मकरंद तिसऱ्या चालीला जांभई द्यायचा. मी तर उंट आणि घोडा यांत कायम गफलत करायची. (दोन्ही जनावरं मला रागावल्यासारखीच दिसतात.) मग अमेरिकेतल्या माझ्या दिरानं तोडगा काढला. इंटरनेटवर जगभरातल्या लोकांशी बुद्धिबळ खेळता येतं, असा एक खेळ त्यानं वडिलांसाठी विकत घेतला. आता तो पाठवायचा कुठं? घरात ईमेल फक्त माझा, तोही ऑफिसातला. त्यानं तोच दिला. खेळ आला माझ्या ऑफिसच्या कॉम्प्युटरवर आणि खातं उघडलं गेलं माझ्या नावानं: अनघा कुलकर्णी, बंगलोर.

मी तो खेळ चार फ्लॉप्यांवर चढवून घरच्या कॉम्प्युटरसाठी आणला. तिसरी फ्लॉपी खराब निघाली. दुसऱ्या दिवशी पुन्हा आणली, तर चौथी घरी सापडेना. (ती बाबांनी चहाच्या कपाखाली ठेवली होती. "चौकोनी दिसली, वाटलं त्याच्यासाठीच आहे.") अखेर चौथ्या दिवशी संध्याकाळी फोनच्या तारेतून किंचाळत इंटरनेट लागलं, पडद्यावर पट उमटला, आणि बाबा खुर्चीला चिकटले ते चिकटलेच.

मी स्वयंपाकघरात, बाबा बाहेर. मला फक्त आवाज यायचा. टक... टक... टक. एका बोटानं.

आठ दिवसांनी बाबा पोळीचा घास हातात धरून म्हणाले, "अनघा, मी जिंकून राहिलो, अन् नाव तुझं येऊन राहिलं! हे काय लफडं आहे?"

"बाबा, खातं माझ्या नावावर आहे ना."

"मग माझ्या नावावर कर."

मी खेळाच्या कंपनीला ईमेल लिहिला. उत्तर आलं की खातं एका माणसाचं दुसऱ्याला देता येत नाही. नवीन उघडा, पण आधीचे जिंकलेले डाव त्यात येणार नाहीत. शून्यापासून सुरुवात.

"शून्य?" बाबा उसळले. "अगं, पोरगं शाळा बदलते तेव्हा दाखला घेऊन जाते ना? नव्या शाळेत काय पुन्हा पहिलीत बसवतात त्याला? काही नको. मी अनघाच बरा!"

झालं. मी विषय सोडून दिला. तो विषय मला सोडणार नव्हता, हे मला ठाऊक नव्हतं.

पुढच्याच सोमवारी ऑफिसात गेले, तर तिसऱ्या मजल्यावरची माझी जागा रिकामी! कॉम्प्युटर नाही, खुर्ची नाही, फक्त माझी पाण्याची बाटली. शेजारी बसणारी नलिनी डोळे मोठे करून म्हणाली, "अगं अक्का, तुला खाली नेलं की! शेषाद्री सरांनी सांगितलं, तिला जिने नकोत म्हणून."

नलिनी जुन्या बंगलोरी मराठी घरातली. तिच्या मराठीत कन्नड इतकं मुरलेलं, की ती स्वतः कुठल्या भाषेत बोलतेय हे तिला विचारावं लागे. आणि शेषाद्री सर म्हणजे आमचे साहेब. शिस्तीचे, अबोल, कपाळावर कायम एक आठी. ते कुणाच्या जिन्यांची काळजी करतील, हे कुणाच्या स्वप्नातही आलं नसतं.

खाली माझी नवी जागा बॅटऱ्यांच्या खोलीला लागून होती. खुर्चीवर उशी. पायाखाली लाकडी पाट! मी पाटाकडे बघत उभी राहिले, तर मागून सर आले आणि हळूच म्हणाले, "कम्फर्टेबल?"

"यस सर," मी म्हणाले. दुसरं काय म्हणणार? मला वाटलं बढती असावी. मोठ्या लोकांना पाट देत असतील.

बुधवारी दुपारच्या जेवणात माझ्या ताटातलं लोणचं गायब झालं. वाढणाऱ्या अण्णांना विचारलं, तर ते म्हणाले, "सर हेळिदारे," म्हणजे सरांनी सांगितलंय. सांबारातही मीठ नव्हतं. गुरुवारी माझ्या टेबलावर एका नेत्रचिकित्सालयाचं पत्रक. शुक्रवारी सर थांबले, इकडंतिकडं पाहिलं, आणि खालच्या आवाजात विचारलं, "घरी सगळं ठीक आहे ना? घरातले तुमच्याशी नीट वागतात?"

"हो सर."

त्यांनी खेदानं मान हलवली. 'बिचारी, बोलत नाही,' असं त्या मानेवर लिहिलेलं मला स्पष्ट दिसलं. पण का? मी रात्रभर विचार केला. आरशात पाहिलं. जरा बारीक झालेय का? मकरंदला विचारलं, "मी दुःखी दिसते का रे?" तो घाबरून म्हणाला, "मी काय केलं आता?"

इकडं नलिनीनं या सगळ्याची बेरीज करून टाकली होती. जिने नकोत, पायाखाली पाट, मीठ कमी! शनिवारी तिनं मला मिठीच मारली. "सांगायचं नाही होय गं! कितवा महिना?"

"कसला महिना?"

"सरी, सरी, बरं बरं, तिसरा संपेपर्यंत सांगायचं नसतं. मी स्वल्प जणांनाच सांगितलंय."

ते 'स्वल्प' म्हणजे दोन मजले आणि गेटवरचा रखवालदार. सोमवारपर्यंत माझ्या खणात चार कैऱ्या आणि चिंचेच्या गोळ्यांची एक पुडी जमली. मी नाही नाही म्हणत होते, आणि जितकं नाही म्हणावं तितक्या बायका समजुतीनं हसत होत्या. नलिनीनं तर अभिनंदनाला थेट घरीच फोन केला. तो घेतला मकरंदनं. मी घरी पोचले तेव्हा तो सोफ्यावर पांढरा पडून बसला होता.

"अनघा, मला नलिनीकडून कळावं?"

"अरे, मलाही तिच्याकडूनच कळलं!"

हे वाक्य बोलल्यावर त्याचा अर्थ माझा मलाच लागेना. त्याची समजूत घालायला तासभर गेला. त्या वेळात बाहेर बाबांचं टक... टक... चालूच होतं.

आणि मग घाव बसला. आमच्या कंपनीला सिंगापूरचं काम मिळालं होतं. सहा आठवडे तिथं जायचं. वर्षभर राबून माझं नाव यादीत आलं होतं. पासपोर्ट काढला होता, आईनं पुण्याहून नवी बॅग पाठवली होती. मंगळवारी फळ्यावर यादी लागली. माझं नाव खोडलेलं!

मी तडक सरांच्या केबिनमध्ये गेले. "सर, माझं काय चुकलं?"

"काहीच नाही. तुमचं काम उत्तम आहे." सर इंग्रजीत बोलत, पण इतकं सावकाश की ते कुठल्याही भाषेत कळावं. "पण तुमची तब्येत..."

"सर, मी गरोदर नाही!"

सरांची आठी कपाळावरून थेट टकलापर्यंत गेली. "मी तसं कधी म्हणालो? मी तुमच्या गुडघ्यांबद्दल बोलतोय. आणि डोळ्यांबद्दल. मोतीबिंदू पिकत असताना परदेशी कसं पाठवू?"

"मला मोतीबिंदू आहे?"

"तुम्हीच तर सांगितलंत."

"मी? कधी?"

सरांनी पेनचं टोपण काढलं, लावलं, पुन्हा काढलं. मग खिडकीबाहेर बघत कसंबसं म्हणाले, "मिसेस कुलकर्णी, मी... मैसूरपाक आहे."

आता मला सरांच्या तब्येतीची काळजी वाटू लागली.

"इंटरनेटवर," ते घाईनं म्हणाले. "रोज संध्याकाळी आपण बुद्धिबळ खेळतो. माझं तिथलं नाव मैसूरपाक. तुमचं नाव तर स्वच्छ लिहिलेलंच असतं. मी ओळख दिली नाही, कारण..." इथं त्यांचा आवाज अगदीच बारीक झाला, "एकवीस डावांपैकी एकवीस तुम्ही जिंकलात."

पटाच्या कडेला एक छोटी चौकट होती म्हणे. तिच्यात खेळता खेळता समोरच्याला दोन शब्द लिहिता येत. सरांनी एकदा विचारलं, चाल करायला एवढा वेळ का लागतो? उत्तर आलं, मोतीबिंदू आहे, डॉक्टर म्हणतात पिकू द्या. मग हळूहळू गुडघे आले, रक्तदाब आला. 'या घरात माझं लोणचं बंद केलंय.' 'मला एकटीला बाहेर जाऊ देत नाहीत' (बाबांच्या इंग्रजीत एकटा-एकटी सारखंच!). 'पहाटे उठून सगळ्यांचा चहा मीच करते.' सरांनी हे सगळं तीन आठवडे वाचलं होतं आणि मनातल्या मनात माझ्या सासरच्यांना शाप दिले होते.

"सर, ती मी नाही! ते माझे सासरे आहेत!"

सरांनी माझ्याकडे करुणेनं पाहिलं. "सिंगापूरसाठी तुम्ही असं म्हणताय. मी समजू शकतो."

"खरंच सर! मला बुद्धिबळ येतच नाही!"

त्यांनी खणातून छोटासा लोहचुंबकाचा पट काढला, सोंगट्या लावल्या आणि म्हणाले, "खेळा."

आता खरं तर मला हरायचंच होतं. माझं सिंगापूर त्यावर अवलंबून होतं. पण समोर पट आला आणि कुठून कोण जाणे, अंगात ईर्षा शिरली. एवढी इंजिनियर झालेली बाई, अगदीच काही येत नाही असं दिसायला नको! मी डोकं धरून, ओठ चावून, एकेका चालीला पाच-पाच मिनिटं घेऊन, जीव तोडून खेळले. आणि चौथ्या चालीला माझ्यावर मात झाली. त्यातली एक चाल उंटाची म्हणून मी घोड्यानं केली होती, ती सरांनी सभ्यपणे चालवून घेतली.

सरांनी पटाकडे पाहिलं. मग माझ्याकडे.

"नाही," ते म्हणाले. "हे सोंग असू शकत नाही. इतकं वाईट मुद्दाम खेळता येत नाही."

त्याच दुपारी माझं नाव यादीत परत आलं. मी तिसऱ्या मजल्यावर परत गेले, लोणचं परत आलं. नलिनीनं एक कैरी परत मागितली.

घरी जाऊन मी बाबांना सगळं सांगितलं. वाटलं, शरमतील. ते खूश झाले! "मैसूरपाक तुझे साहेब आहेत? मग काहून नाही सांगितलं आधी? बोलाव ना जेवायला. माणूस चांगला आहे, फक्त वजीर लवकर काढते."

सर खरंच एका रविवारी जेवायला आले. मी पुरणपोळ्या केल्या. दोघांनी त्या पटावरून नजर न काढता खाल्ल्या.

सिंगापूरला जाण्याआधी मी ठरवलं, की आपणही शिकायचं. पण माझं खातं तर बाबांचं झालेलं! म्हणून मी माझ्यासाठी नवीन उघडलं. माझं नाव आधीच कुणीतरी घेतलं आहे, असं खेळानं मला कळवलं. शेवटी 'अनघा कुलकर्णी दोन' या नावानं, शून्यापासून, मी पहिल्यांदा खेळायला बसले. समोर मैसूरपाक! मी उत्साहानं चौकटीत लिहिलं, "सर, आज मी स्वतः आहे!"

तीन चाली झाल्या. चौथीआधी चौकटीत अक्षरं उमटली:

"छान. आता कृपया खऱ्या अनघांना बोलवता का?"

मी उठले आणि बाबांना हाक मारली.