चाळीस आकड्यांचा पडदा

दोरीमामाच्या तळहाताला भेगा नव्हत्या, खोबणी होत्या. सत्तावीस वर्षं एकच दोर त्या खोबणींतून वर गेला होता आणि खाली आला होता. नाट्यगृहाच्या झाडूवालीपासून मॅनेजरपर्यंत सगळे त्याला दोरीमामाच म्हणत. खरं नाव हजेरीपटावर असेल तेवढंच.

गावी असताना तो विहिरीचं पाणी शेंदायचा. इथं येऊन पडदा शेंदू लागला. काम एकच, असं तो म्हणे. घागर भरलेली आहे की रिकामी, हे दोर हाताला आधी सांगतो, डोळ्यांना मागून कळतं. नाटकाचंही तसंच. रडवणाऱ्या नाटकाचा शेवटचा पडदा तो असा सोडायचा, जसं कुणी झोपलेल्या लेकरावर पांघरूण घालावं. हसवणाऱ्या नाटकाचा पडदा मात्र धाडकन, लोकांचं हसू तोंडात असतानाच खाली.

"हसू लोकांनी घरी न्यायचं असतं," तो सांगे. "इथंच संपू दिलं तर बिचारे रिकाम्या हातानं जातात."

त्या वर्षी नाट्यगृहानं एक जुनं रशियन नाटक बसवायला घेतलं. दिग्दर्शक नवा होता, बाहेर शिकून आलेला. उकाड्यातही गळ्याला जाड मफलर गुंडाळून तालमीला यायचा आणि त्याच्याच टोकानं घाम पुसायचा. नाटक तसं साधं होतं. एक जमीनदार बहिणीच्या घरी पाहुणा म्हणून आलेला आहे. बाहेर बर्फ, दारात घोडागाडी, हातात बॅग. तो सगळ्यांचा निरोप घेतो, आत्म्याबद्दल मोठं भाषण करतो, घरभर रडारड होते. तेवढ्यात आतून कुणीतरी सांगतं, चहा झालाय. जमीनदार बॅग खाली ठेवून बसतो. असं चार अंक.

"हा माणूस जात नाही," दिग्दर्शकानं नटांना समजावलं, "कारण माणसाला जायला जागाच उरलेली नाही. हे एका शतकाचं दुःख आहे. प्रत्येक वाक्यानंतर नऊ आकडे मोजेपर्यंत शांतता."

नटांनी माना हलवल्या. जमीनदाराचं काम करणारे नट मंडळीतले सगळ्यांत ज्येष्ठ, त्यांना सगळे बुवा म्हणत. बुवांनी निरोपाचं भाषण केलं, नऊ आकडे थांबले, चहाचं नाव ऐकून बॅग ठेवली. आणि त्या गंभीर शांततेत विंगेतून फिस्स झालं.

"कोण हसलं?"

"मी, साहेब," दोरीमामा दोर धरूनच पुढे आला.

"तुम्हाला इथं हसण्यासारखं काय दिसलं?"

"आमचा मेव्हणा दिसला, साहेब."

ते खोटं नव्हतं. मामाचा मेव्हणा अकरा वर्षांपूर्वी चार दिवसांसाठी आला होता. दर सोमवारी तो वळकटी बांधायचा, "निघतो आता, दाजी, माणसानं कुणावर भार होऊ नये," म्हणायचा आणि डोळे पुसायचा. बहीण चहा टाकायची. मंगळवारी वळकटी सुटलेली असायची.

बुवा हळूच म्हणाले, "साहेब, पुस्तकाच्या पहिल्या पानावर छापलंय खरं. विनोदी नाटक, चार अंकी."

"तीच तर लेखकाची सगळ्यात खोल वेदना आहे," दिग्दर्शक म्हणाला. बुवांनी पुन्हा मान हलवली.

पण मामाचं हसू काही थांबेना. दुसऱ्या दिवशीही फिस्स, तिसऱ्या दिवशीही. शेवटी मॅनेजरनं त्याला ऑफिसात बोलावलं. टेबलावर एक पेटी होती. आत पडद्याची मोटर, भिंतीवर लावायच्या बटणासकट.

"मामा, हे बघा. शेवटचा पडदा साहेबांना चाळीस आकड्यांत हवाय. एकोणचाळीस नाही आणि एक्केचाळीस नाही. मोटर हे बिनबोभाट करेल आणि हसणारही नाही. तुमची इतकी वर्षं झाली म्हणून पहिला प्रयोग तुमच्या हातानं. हसलात किंवा मोजणी चुकली, तर दुसऱ्या दिवशी मिस्त्री येऊन मोटर बसवणार."

घरी मामीनं सगळं ऐकून घेतलं आणि पोळपाट आपटला.

"अहो, तोंडात बोळा घाला, पण हसू नका. दोर गेला तर तुम्ही नि दादा समोरासमोर बसून चहा प्याल, आणि मी तुमच्या दोघांच्या मधे जाईन वेडी होऊन."

"दाजी, मीही उद्या निघतोच आहे," आतल्या खोलीतून मेव्हणा म्हणाला. "पण तुमचा पहिला प्रयोग बघून जातो. तुमच्या पाठीशी कुणीतरी हवं."

प्रयोगाच्या संध्याकाळी मामानं खरोखरच पंच्याचं टोक दातांत धरलं. मामी आणि मेव्हणा पासावर तिसऱ्या रांगेत बसले होते. पहिला अंक शांततेत गेला. लोक खोकत होते, खुर्च्या करकरत होत्या. दुसऱ्या अंकात बुवांनी दुसऱ्यांदा निरोप घेतला, नऊ आकडे थांबले, आणि बॅग ठेवून कपाला हात घातला. तिसऱ्या रांगेतून खणखणीत आवाज आला,

"अरे, काय चिकट माणूस आहे हा! घरच्यांना दिसत नाही का?"

मेव्हणा! पोट धरून हसत होता. मामी त्याच्याकडे बघत राहिली, मग तीही सुटली. त्यांच्या मागची रांग हसली, मग पुढची. प्रत्येकाच्या घरी कुणीतरी वळकटी बांधून बसलेलंच असतं. बुवा आधी गोंधळले, मग त्यांच्या डोळ्यांत चमक आली. नऊ आकड्यांची शांतता ते तशीच पाळत होते, पण आता त्या शांततेत ते कपाकडे असे बघत, की लोकांना श्वास घेता येईना.

समोरच्या विंगेत दिग्दर्शकाचा मफलर भिजून गेला होता.

चौथा अंक संपत आला. गाडी निघून गेली, घरचे झोपायला गेले, जमीनदार एकटाच बॅगेवर बसला आणि त्यानं दिव्याला विचारलं, "चहा गरम आहे का?" नाट्यगृह हसण्यानं हाललं. दिग्दर्शकानं बोट वर केलं. एक.

मामानं दोर सैल केला. दोन. तीन. पडदा पांघरुणासारखा उतरू लागला. मामा हसला नव्हता, पंचा अजून दातांत होता. आणखी सदतीस आकडे मोजले की दोर आपलाच. पण हातातल्या दोराला हसू ओसरतंय हे कळत होतं. पुढच्या रांगा गप्प व्हायला लागल्या होत्या. कुणीतरी हळू उतरणारा पडदा बघून चेहरा गंभीर करत होतं, जणू चूक झाली असावी. भरलेली घागर काठाशी आली आणि कुणी ती मुद्दाम वाकडी करावी, तसं मामाला वाटलं. एवढं आपल्या हातून व्हायचं नाही.

चौथ्या आकड्याला त्यानं दोर सोडला. पडदा धाडकन खाली. बाहेर हसू आणि टाळ्या एकात एक मिसळल्या.

दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रात आलं, की दिग्दर्शकानं रशियन वेदनेतलं हसू शोधलं आणि तो शेवटचा पडदा म्हणजे धाडसाचा कळस. "तो पडदा मी कित्येक महिने शोधत होतो," दिग्दर्शकानं मुलाखतीत सांगितलं.

मॅनेजरनं मामाच्या खांद्यावर हात ठेवला. "काम चोख केलंत, मामा. इतकं चोख, की आता मोटरलाही जमेल."

मिस्त्री आला. "किती सेकंद लावू?"

"लोकांचं हसू उतरायच्या एक श्वास आधी," मामा म्हणाला.

"मोटरला श्वास कुठला, मामा? आकडा सांगा."

आकडा दिग्दर्शकानं सांगितला. चार.

दुसऱ्या प्रयोगाचे प्रेक्षक जरा सावकाश हसणारे होते, म्हणून बुवा बॅग पुढे ओढून त्यांचं हसू ओसरायची वाट बघत बसले. बटण मात्र ठरल्या वेळीच दाबलं गेलं. बुवांनी दिव्याकडे तोंड वळवलं, ओठ उघडले, आणि मोटरनं चार सेकंदांत पडदा टाकला. वाक्य आत राहिलं. बुवा मात्र बॅगेसकट पडद्याच्या बाहेर, लोकांसमोर. टाळ्या वाजवाव्यात की उठावं, कुणाला कळेना.

बुवा तसेच, मेकअपसुद्धा न उतरवता, ऑफिसात गेले. "मला दोरीमामा पाहिजे. नाहीतर मीही त्या घोडागाडीत बसून जातो. आणि मी जातो म्हणालो की जातो."

आता दोर मामाच्याच हातात आहे. मोटरची तार मिस्त्रीनं काढली, बटण तेवढं ठेवलं. तेही काढलं असतं तर मोटर आणलीच कशाला, असं वरच्यांनी विचारलं असतं. मोठे पाहुणे आले की मॅनेजर त्यांना घेऊन जातात आणि शेवटी बटण दाबायचा मान देतात. विंगेत एक हिरवा दिवा लागतो. दोरीमामा दिव्याकडे बघतो, कान खाजवतो, बाहेरचं हसू ऐकतो आणि त्याच्या मनाला येईल तेव्हा दोर सोडतो.

"बघा," मॅनेजर पाहुण्यांना सांगतात, "कशी वेळेवर चालते."