निळ्या काठाची ताटली

ताइसिया गेर्मानोव्हनाने अडतीस वर्षं पीटर्सबर्गच्या स्टुडिओत सिनेमांचे सेट उभे केले. नवं ते जुनं करून दाखवण्यात तिचा हात धरणारं कोणी नव्हतं. कालच लावलेला वॉलपेपर ती चहाच्या पाण्याने असा मळवायची, की पाच कुटुंबं त्या खोलीत तीस वर्षं भांडत आलीत असं वाटावं.

प्रत्येक सिनेमात कुठल्यातरी कोपऱ्यात तिच्या आईची निळ्या काठाची ताटली असायची. आईचं गोष्टीकडे लक्षच नसायचं, ताटली दिसली की ती शेजारच्याला कोपराने ढोसून म्हणायची, "ती आमची." आई गेली, तरी ताटली पडद्यावर येत राहिली. आता हा शेवटचा सिनेमा, मग पेन्शन. ताटली यातही दिसायलाच हवी होती.

या वेळी स्वयंपाकघरातल्या टेबलावर सहा ताटल्या लागणार होत्या. तिने पाच नव्या आणून आईच्या ताटलीबरहुकूम रंगवल्या, बारीक तडेसुद्धा कुंचल्याने काढले.

चित्रीकरणाच्या पहिल्या दिवशी कॅमेऱ्याच्या तिवईवर एक ताटली फोडायची आणि प्रत्येकाने एकेक तुकडा जपून ठेवायचा, ही तिथली रीत. फोडायची ताटली कुणीतरी बसमध्ये विसरलं. दिग्दर्शक रोदिओन, तिच्या मुलाच्या वयाचा. त्याने टेबलावरची एक उचलली आणि दिली आपटून.

"सगळ्या नकलीच ना? आणखी एक रंगवा, ताइसिया गेर्मानोव्हना."

फुटली ती नेमकी आईची होती. पण पहिल्या दिवशी फोडलेल्या ताटलीवर कुणी हळहळलं तर सिनेमा पडतो, असं सगळेच मानत, तीही मानायची. तिने गुपचूप एक तुकडा उचलला. आपल्याच कसबाचा तिला भयंकर राग आला.

दीड महिन्याने फक्त टेबलावरचं दृश्य उरलं होतं. रोदिओन ओशाळून तिच्यापुढे उभा राहिला.

"तुम्ही काढलेले तडे ओल्या फडक्याने पुसले जातात. माझ्या तुकड्यावरचा काही केल्या जात नाही. ही खरी होती ना?"

"आता विचारतोयस होय, गाढवा."

"आज काम संपतंय, आता अपशकुन कसला?" त्याने रुमाल उघडला. सगळ्यांचे तुकडे त्यात होते, वीजवाल्याने किल्ल्यांना अडकवलेलाही. तिने खिशातून आपला काढला.

ताटली चिकटवून झाल्यावर जोड मळवून लपवायला तिने सवयीने कुंचला उचलला, आणि तसाच खाली ठेवला.

सिनेमा लागला तेव्हा ती तिकीट काढून एकटीच जाऊन बसली. टेबल दिसताच तिने शेजारच्या अनोळखी म्हाताऱ्याला कोपराने ढोसलं.

"ती आमची."

"फुटकी दिसतेय," म्हातारा म्हणाला.

"हो," ती खुशीत म्हणाली, "आमच्या दिग्दर्शकाने फोडली."