तिहाईच्या आधी

आमच्या घरातून पिराच्या उरुसाला दरवर्षी साखरफुटाणे जायचे, माणसं जायची नाहीत. कल्याणात तेव्हा बऱ्याच घरांत अशीच पद्धत होती. नवस बोलायचा, फेडायचा, पण लांबूनच. त्या वर्षी मात्र दर्ग्याचा मुजावर स्वतः आमच्या दारात आला. बाहेरगावाहून बोलावलेल्या कव्वालांचा ढोलकवाला तापाने फणफणला होता, आणि माझे यजमान ढोलक वाजवतात हे साऱ्या गावाला ठाऊक. दिवसा रेल्वेच्या मालधक्क्यावर कारकुनी आणि संध्याकाळी देवळात भजनाची साथ, हा त्यांचा नेम.

सासूबाईंची पंचाईत झाली. पिराला नाही म्हणायची धास्ती, आणि हो म्हणावं तर लोक काय म्हणतील. शेवटी त्यांनी वाट काढली ती माझ्या गळ्यात आली. "तूही जा. तो तिथं पाण्याला तोंड लावतो का बघ." म्हणजे मी कव्वालीला गेले ती हेर म्हणून. मला संताप आला होता, पण घराबाहेर पडायला मिळतंय म्हणून निघाले.

सोबतीला शेजारची चाची होती. तिच्या घरी भाताचा व्यापार. तिचे मालक, आमचे चाचा, चांगलेच थकलेले होते. छातीत कळा यायच्या, वैद्याने घराबाहेर पडू नका म्हणून बजावलं होतं. तरी ते काठी टेकत येऊन अगदी पुढे बसले होते. बायकांना गाणाऱ्यांच्या मागे, बांबूच्या चिकाच्या पडद्याआड जागा होती. तिथून मला यजमानांची पाठ आणि उजवा हात दिसत होता, आणि समोर चाचांची पांढरी दाढी.

खरं सांगायचं तर सुरुवातीला मला ते गाणं आवडलं नाही. आरडाओरडा वाटला. भजनात कसं, सारे मिळून देवाच्या पाठी लागतात. इथे एकजण पुढे धावायचा आणि बाकीचे टाळ्या पिटत त्याला गाठायचे. मग उन्हं उतरायच्या सुमारास म्होरक्याने एक ओळ धरली. भाषा मला धड कळत नव्हती. चाचीने कानात अर्थ सांगितला तो एवढाच, की तुझ्या गावची वाट विचारत निघालो आणि माझं गाव विसरलो.

माझं लग्न नवव्या वर्षी झालं. माहेर घाटावर. आई गेल्यावर तिथून मला न्यायला कुणी मूळ पाठवलं नाही, आणि मीही तो विषय मनातून काढून टाकला होता. निदान तसं समजत होते. ती ओळ पुन्हा आली, पुन्हा आली, आणि मला आमच्या परसातली निवडुंगाची कुंपणवाट दिसायला लागली, पार ओढ्यापर्यंत. मी पदर तोंडात धरला.

तेवढ्यात चाची ताठ झाली. चाचा उभे राहिले होते. काठी खाली पडलेली, डोळे मिटलेले, दोन्ही हात पसरलेले, आणि ज्या माणसाला दहा पावलं चालवत नव्हती तो जागच्या जागी झुलत होता. मुजावर उठून उभा राहिला, तशी गाणारे-वाजवणारे सोडून सारी मैफल उभी राहिली.

चाचीने माझं मनगट धरलं. "हाल आला त्यांना, भान गेलं त्यांचं. आता हीच ओळ चालवाया पायजे, ते आपनहून बसत नाय तवर. ओळ तुटली तं मानूस तिकडंच रातो." तिच्या थोरल्या दिराचं असंच झालं होतं. गाणारे पुढच्या ओळीवर गेले आणि तो आडवा झाला तो उठलाच नाही. हे खरं की खोटं, मला माहीत नाही. तिच्या बोटांना मात्र ते खरं होतं. माझ्या बांगड्या रुतत होत्या.

गाणारे तीच ओळ घेत राहिले. लय चढत गेली. आणि माझी नजर यजमानांच्या पाठीवर गेली, कारण त्या मैफलीत एकाच माणसाला हा नियम ठाऊक नव्हता, आणि ढोलक त्याच्याच मांडीवर होता. त्यांना कुणी सांगितलंच नव्हतं. कव्वालांचा स्वतःचा ढोलकवाला हे पाळण्यात शिकलेला. नव्या माणसाला सांगावं लागतं हे कुणाच्या ध्यानातच आलं नाही. आमच्या भजनाची रीत वेगळी. गजर चढवत न्यायचा, शिगेला पोचला की तिहाई घ्यायची, म्हणजे तोच तुकडा तीनदा वाजवून समेवर गाणं मिटवायचं. तिहाई येण्याआधी माझे यजमान मान ताठ करतात आणि उजवा खांदा किंचित वर घेतात. रोजचा रियाज स्वयंपाकघरातून बघून मला हे पाठ होतं.

त्यांची मान ताठ झाली.

चाचीला सांगून काय उपयोग होता? पडद्यापलीकडे निरोप द्यायला वेळ नव्हता. खांदा वर जायला लागला आणि मी ओरडले, "अहो, मिटवू नका. तेच चालू द्या."

भर मैफलीत, दर्ग्यात, ब्राह्मणाची सून. शंभर तोंडं पडद्याकडे वळली. पण हात थांबला नाही. खांदा खाली आला आणि ठेका चालू राहिला.

मग किती वेळ गेला कोण जाणे. दिवे लावले गेले. म्होरक्याचा आवाज फाटला, दुसऱ्याने ओळ उचलली. यजमानांच्या बोटांना फोड आलेले घरी गेल्यावर दिसले. चाचांचं झुलणं हळूहळू मंदावलं, तशी गाणाऱ्यांनीही लय उतरवली, आणि चाचा खाली बसले. पाणी मागितलं. चाचीने माझं मनगट सोडलं.

यजमानही तिथलं पाणी प्यायले. मी सासूबाईंना ते सांगितलं नाही. सांगायची गरजही नव्हती, माझ्या ओरडण्याची बातमी आमच्याआधी घरी पोचली होती. त्यांनी बरेच दिवस माझ्या हातचं काही घेतलं नाही.

चार दिवसांनी चाची परसदारी आली, केळीचा घड घेऊन. माझ्यामुळे तिचा माणूस वाचला म्हणाली, आणि रडायला लागली. मला ते सोसेना.

"चाची, खोटं कशाला बोलू. ओरडले तेव्हा चाचा माझ्या ध्यानातही नव्हते. ती ओळ मला हवी होती. माझ्यासाठी."

तिने डोळे पुसले आणि माझ्याकडे बघितलं. "तं मग? आमचे बुढे काय माझ्यासाठी जातात तिथं?"

त्या संध्याकाळी बोटांना चिंध्या गुंडाळून यजमान ओसरीवर ढोलक घेऊन बसले होते. लय चढली, मान ताठ झाली. मी चुलीपुढे हात थांबवला. खांदा वर गेला, तसाच राहिला, आणि तिहाई न घेता खाली आला. त्यांनी मागे वळून बघितलं नाही. भात करपेपर्यंत वाजवत राहिले, आणि मी तो करपू दिला.