यतिनदादाने सोडलेली गाणी

यतिनदादाच्या घरी भाड्याने राहायला आलो, त्या पहिल्या सकाळी तो पोहे परतत होता आणि स्पीकरमधून कोणीतरी किंचाळत होतं. मला वाटलं, शेजारी काहीतरी घडलं. मी धावायच्या तयारीने चपला घातल्या.

"बस," यतिनदादा म्हणाला. "ही दुसरी रेकॉर्ड आहे. पहिली याहून कठीण आहे. लिंबू पिळू का?"

मी पुण्यात मराठी साहित्यात एम.ए. केलं. रसग्रहणात मला चांगले गुण होते. मग मेलबर्नला येऊन सप्लाय चेन शिकलो. आता गोदामात फोर्कलिफ्ट चालवतो. त्या सकाळी चपला घालून पोहे खाताना माझं रसग्रहण कुठे गेलं होतं, मला माहीत नाही.

बँड नॉर्वेचा. नाव मिर्फ्रॉस्ट. ब्लॅक मेटल वाजवतात. म्हणजे पत्र्यावर गारा पडाव्यात तसा ड्रम, त्यावर करवतीसारखी गिटार, आणि शब्द कळू नयेत याची काळजी घेऊन मारलेली किंकाळी. जुन्या फोटोत सगळ्यांच्या तोंडाला पांढरा रंग आणि डोळ्यांभोवती काळा. पिठाच्या गिरणीतून बाहेर पडताना काजळाच्या डबीवर आपटल्यासारखे दिसतात. नावाचा लोगो वाळक्या फांद्यांचा आहे. तो कोणालाच वाचता येत नाही. यतिनदादाकडे तो लोगो छापलेले सात-आठ टीशर्ट आहेत. मंजिरीवहिनी त्यांना झाडाचे टीशर्ट म्हणतात.

यतिनदादा मूळचा सांगलीचा. अकाउंटिंग शिकायला इथे आला होता. तेव्हा रात्री पिझ्झा पोचवायचा. त्याने घेतलेल्या जुन्या गाडीच्या स्टिरिओत आधीच्या मालकाची सीडी अडकली होती. ती बाहेर निघेना, आणि स्टिरिओ बंद करायचं बटणही मोडलेलं. ती मिर्फ्रॉस्टची पहिली रेकॉर्ड होती.

"आधी नाइलाज होता," तो मला म्हणाला. "मग सवय झाली. मग आवड. तुझ्या वहिनीच्या बाबतीत उलटं झालं. तिला आधी मी आवडायचो."

"आता?" मी विचारलं.

"आता नाइलाज."

आतून वहिनी म्हणाल्या, "सवय. नाइलाजापर्यंत अजून पोचले नाहीये."

अकाउंटिंग त्याने सोडलं आणि कान तपासायचं शिक्षण घेतलं. आता एका क्लिनिकमध्ये लोकांना हेडफोन लावून बसवतो, बारीक आवाज सोडतो, ऐकू आला की बटण दाबा म्हणतो. दिवसभर लोकांना आवाज कमी करायला सांगतो. संध्याकाळी घरी येऊन मिर्फ्रॉस्ट लावतो. हे तो स्वतःच सांगतो. दारूबंदी खात्यातल्या माणसाने रोज संध्याकाळी बसावं तसं आहे, म्हणतो.

बँडचा इतिहास तो कीर्तनकारासारखा सांगतो. पहिली रेकॉर्ड बटाटे साठवायच्या तळघरात केली. भाड्याने आणलेलं मशीन, एकच माईक, आणि थंडी इतकी की बोटं वळेनात, म्हणून गिटार तशी लागली. दुसरीत जरा पैसे आले, की-बोर्ड आला. तिसरी म्हणजे शिखर. अर्ध्या-अर्ध्या तासाची दोन गाणी. आणि मग चौथी. चौथ्या रेकॉर्डमध्ये हाल्व्हार, म्हणजे त्यांचा गायक आणि गिटारवाला, चक्क गायला. सुरात. शब्द कळतील असा. पुढे गावातल्या चर्चचे लोक कोरसला आले, मग पियानो आला. ड्रम संथ होत गेला.

यतिनदादाला हा विश्वासघात वाटला. बारा वर्षांपूर्वी कानाची यंत्रं बनवणाऱ्या एका कंपनीच्या ट्रेनिंगला तो डेन्मार्कला गेला, तिथून रजा टाकून नॉर्वेला. त्या गावात जाऊन ते तळघर शोधून काढलं. दाराला कुलूप होतं, खिडकीतून आत सायकली दिसत होत्या. तिथे उभं राहून त्याने शपथ घेतली. काशीला गेलं की माणूस एखादी गोष्ट सोडतो, मग ती आयुष्यभर शिवत नाही. त्याने चौथ्या रेकॉर्डपासून पुढचं सगळं सोडलं.

ती शपथ त्याने कटाक्षाने पाळली. एकदा कॅफेत नवं गाणं लागलं तर कॉफी टाकून बाहेर आला. मला हे सगळं भव्य वाटायचं. माझ्या आयुष्यात मी फक्त साखर सोडली होती, तीही चार दिवस.

मग मयूराचं प्रकरण झालं.

मयूरा ही त्यांची मुलगी, बारावीत. लहानपणी बाबाच्या मागेमागे असायची म्हणे. मी आलो तेव्हा ती त्याच्याशी एका शब्दात बोलायची. शाळा कशी होती? फाइन. जेवलीस? येप. पुढच्या वर्षी तिला सिडनीला नर्सिंगला जायचं होतं. यतिनदादा हे कधी बोलून दाखवायचा नाही, पण ती शाळेतून यायच्या वेळी तो कामाशिवाय हॉलमध्ये फिरत असायचा. रिमोट उचलायचा, ठेवायचा.

एका संध्याकाळी ती आपणहून त्याच्यासमोर येऊन उभी राहिली. फोन पुढे केला. "बाबा, हे तुझ्या टीशर्टवरचं झाड आहे ना?"

मिर्फ्रॉस्टची नवी रेकॉर्ड. तिला कुठूनतरी सापडली होती आणि महिनाभर ती तेच ऐकत होती. बापाच्या अंगावर लहानपणापासून पाहिलेलं झाड म्हणजे याच बँडचं नाव, हे तिला तेव्हा कळलं. बँड मेलबर्नला येणार होता. अठराच्या आतल्यांसाठी रविवारी दुपारी वेगळा कार्यक्रम होता, मोठ्यांना सोबत येता येत होतं.

"यू वॉना कम?" तिने विचारलं.

यतिनदादा म्हणाला, "बघतो."

तो माझ्या खोलीत आला आणि दार लावून घेतलं. "माधवा, ती मला बोलावतेय. आणि मी ते सोडलंय. तू साहित्यवाला. यातून मार्ग काय?"

इथे मी गप्प बसायला हवं होतं. पण एम.ए. झाल्यापासून मला पहिल्यांदाच कोणी साहित्यातलं काही विचारत होतं.

मी म्हणालो, "तिला आधी परंपरा समजली पाहिजे. तू तिला सुरुवातीपासून क्रमाने ऐकव. मूळ कळलं की तिलाच पुढचं फिकं वाटेल. मग तुम्ही दोघं जुन्या गाण्यांसाठी जा."

त्याला हे पटलं. मलाही पटलं. मी बँडच्या इतिहासाचे तीन कालखंड पाडून दिले. आरंभ, उत्कर्ष, अवनती. वाङ्मयाच्या इतिहासात असेच पाडतात.

शनिवारी जेवणानंतर मयूराला सोफ्यावर बसवलं. टीव्हीवर नॉर्वेचा नकाशा. यतिनदादा उभा. त्याने तळघरापासून सुरुवात केली. तळघरातली ओल, बटाटे, माईक. मग गाणं लावलं.

मयूराने बऱ्यापैकी ऐकलं. मग म्हणाली, "इट साउंड्स लाइक समवन लॉक्ड इन अ फ्रिज."

"बरोबर," यतिनदादा खूष झाला. "हेच ते."

तो तासभर बोलला. ती पाय वर घेऊन बसली, मग पाय खाली सोडले, मग कुशन मांडीवर घेतलं. शेवटी टीव्हीवर माझे तीन कालखंड आले. तिला मराठी वाचता येत नाही. तिने माझ्याकडे पाहिलं. "माधवकाका, व्हॉट्स द लास्ट वन?"

"अवनती," मी म्हणालो. "डिक्लाइन."

"ओके. सो माझा फेव्हरिट आल्बम म्हणजे डिक्लाइन."

तळघरातला माणूस तेवढा किंचाळत होता.

"आय'ल गो विथ सुरुची," ती म्हणाली आणि खोलीत गेली. सुरुची ही तिची शाळेतली मैत्रीण.

यतिनदादाने टीव्ही बंद केला. मी कपबशा उचलल्या. माझ्या शिक्षणाचा आजवरचा हा एकमेव प्रत्यक्ष उपयोग.

मंजिरीवहिनी डायनिंग टेबलाशी बसून मटार सोलत होत्या. त्यांनी सगळं ऐकलं होतं. "यतिन, एक विचारू? काशीला काय सोडतात रे?"

"एखादी भाजी. फळ."

"आवडती की नावडती?"

यतिनदादाने रिमोट उचलला, ठेवला.

"माझ्या आत्याने आंबा सोडला होता. दर उन्हाळ्यात तिच्यासमोर बसून आम्ही खायचो आणि ती बघायची. त्याला सोडणं म्हणतात. तू कारलं सोडलंस आणि बारा वर्षं पुण्य मोजतोयस."

मी हसलो. मग यतिनदादाचा चेहरा पाहिला आणि मटार सोलायला बसलो.

दुसऱ्या दिवशी रविवार, क्लिनिक बंद. तो मला तिकडे घेऊन गेला. तिथे कान तपासायची एक लहानशी खोली आहे. जाड दार, भिंतींना करडा स्पंज. आत शिरलं की स्वतःचं आवंढा गिळणं ऐकू येतं. दोन खुर्च्या टाकल्या आणि त्याने चौथी रेकॉर्ड लावली. मग पाचवी. ओळीने सगळ्या.

मला त्या बऱ्या वाटल्या. पण माझं मत मागितलं नव्हतं, आणि मी ते द्यायचं बंद केलं होतं.

तो डोळे मिटून ऐकत होता. सहाव्या रेकॉर्डच्या मध्यावर त्याने गाणं थांबवलं, मागे नेलं, पुन्हा लावलं. परत चौथीवर गेला.

"झांजा," तो म्हणाला.

"काय झांजा?"

"ड्रमच्या झांजा. पहिल्या तीनमध्ये सगळीकडे आहेत. चौथीत कमी. इथे तर नाहीतच. गिटारही खाली आलीय. वरचा सगळा भागच गेलाय, बघ." त्याने हाताने हवेत एक रेघ काढली, डावीकडून सरळ येऊन उजवीकडे कोसळणारी. "मी रोज हा आलेख काढतो. आधी वरचे आवाज जातात. पक्षी, कुकरची शिटी, लहान मुलं. माणसाला कळतसुद्धा नाही. त्याला वाटतं, बायको पुटपुटायला लागलीय."

"म्हणजे हाल्व्हारला ऐकू येत नाही?"

"त्याला ऐकू येतं तेवढंच तो वाजवत असेल."

"नक्की?"

"नक्की कसं? तो तपासायला माझ्याकडे यायला हवा." त्याने गाणं बंद केलं. "बारा वर्षं मी याला विकला गेलेला म्हणत होतो."

गाडीत तो अस्वस्थ होता. हे मयूराला सांगायचं होतं. त्याचं सगळं बोलणं तयार होत होतं, मला दिसत होतं. सिग्नलला ओठ हलत होते. तळघरातल्या आवाजाने कान कसे गेले असतील, कुठल्या रेकॉर्डला किती गेले. घरी पोचताच तो तिच्या दाराशी गेला. मी जिन्यात उभा राहिलो. बूट काढायला मला तेव्हा फार वेळ लागला.

"मयू, मी आलो तर चालेल? कार्यक्रमाला?"

आतलं गाणं बंद झालं. मग, "आर यू गॉना टॉक?"

"नाही."

"ॲट ऑल?"

यतिनदादाने दाराच्या चौकटीला हात टेकवला. सगळं आयतं तयार होतं, आणि ते आता कुठे ठेवायचं हे त्याला कळत नव्हतं.

"नाही बोलणार," तो म्हणाला.

"ओके. सुरुचीची मॉम नाही म्हणालीये एनीवे. तू तुझं तिकीट काढ, तिचं माधवकाकाला दे. यू ड्राइव्ह."

तर अशा रीतीने मी ब्लॅक मेटलला गेलो. पुढचा रविवार, ब्रन्सविकमधलं जुनं थिएटर, भर दुपार, बाहेर लख्ख ऊन. रांगेत काळ्या कपड्यातली पोरं आणि त्यांच्यामागे सनस्क्रीन लावलेले आईबाप. यतिनदादाने क्लिनिकमधून इअरप्लगची पिशवी आणली होती. तो ते रांगेत वाटत सुटला, एक शब्द न बोलता. लोकांना तो थिएटरचा माणूस वाटला. एका बाईने त्याला टॉयलेट कुठे आहे ते विचारलं. त्याने बोट दाखवलं.

हाल्व्हार स्टेजवर आला. तोंडाला रंग नाही. पिकलेली दाढी, साधा स्वेटर. तो सतत ड्रमवाल्याच्या हातांकडे बघत वाजवत होता. यतिनदादाने माझा दंड धरला. मलाही ते दिसलं. तो काही बोलला नाही. दंड मात्र नंतर दोन दिवस दुखत होता.

शेवटच्या आधी त्यांनी तळघरातलं एक गाणं वाजवलं. पहिल्या रेकॉर्डमधलं, पण निम्म्या गतीने, किंकाळीशिवाय. यतिनदादा हात जोडल्यासारखे छातीशी धरून उभा होता. मयूराने वळून त्याच्याकडे पाहिलं. कानाशी तोंड नेऊन म्हणाली, "हे तुझं आहे ना?"

त्याने मान हलवली.

परतताना ती पुढे बसली, मी मागे. गाडी फ्रीवेला लागली. मग ती बोलायला लागली. आधी इंग्रजीत, मग अडखळत मराठीत, मग दोन्हीत. तिला वाटत होतं की हाल्व्हारला मूल झालं असणार. घरात बाळ झोपलेलं असेल तर कोण किंचाळेल. म्हणून तो हळू गायला लागला, मग तीच सवय झाली. चौथा आल्बम म्हणजे ललबाय आहे, बाबा, नीट ऐक.

माझ्याकडे खरं उत्तर होतं. स्पंजच्या खोलीत मिळालेलं, शास्त्रीय. मी पुढे वाकलो. "मयूरा, अ‍ॅक्चुअली तुझ्या बाबांचं—"

यतिनदादाने आरशातून माझ्याकडे पाहिलं. मी मागे टेकलो.

"मग?" त्याने तिला विचारलं. "पाचवा?"

तिने पाचवा सांगितला. तारखा चुकल्या. बासवाला कोण होता तेही चुकलं. तो हं म्हणत राहिला. क्रेगीबर्न आलं, आमची गल्ली आली, घर आलं. त्याने गाडी उभी केली, पण इंजिन बंद केलं नाही. ती बोलतच होती. आता तिने फोन गाडीला जोडला होता आणि एक जागा पुन्हा पुन्हा लावून दाखवत होती.

मला उतरायचं होतं. थिएटरमध्ये दोन कोक प्यायलो होतो. पण मयूरा लहान होती तेव्हापासून मागच्या दारांना चाइल्ड लॉक आहे, ते कोणी काढलेलं नाही. दार आतून उघडेना. मंजिरीवहिनी खिडकीत आल्या, गाडीकडे पाहिलं आणि पडदा ओढून आत गेल्या.

मी पाय आवळून बसलो आणि चाइल्ड लॉकचं कोणाला सांगितलं नाही.