गाणारी बांधी, मुकी बांधी

मोहाडीजवळच्या त्यांच्या गावात कुंताबाईंना शोधायला कुणाला विचारावं लागत नसे. कान दिला की पुरे. भाताच्या रोवण्याच्या दिवसांत बारा बायांची टोळी घेऊन त्या बांधीतल्या, म्हणजे खाचरातल्या, चिखलात उतरल्या की गाणं सुरू. हातातली रोपं, म्हणजे पऱ्हे, त्या तालावर भराभर रोवले जायचे. "गाण्यानं हात पयते," म्हणजे पळतो, असं त्या येणाऱ्याजाणाऱ्याला सांगायच्या.

यंदा कृषी महाविद्यालयातली अंजू रोवण्याचा वेग मोजायला आली, आणि कुंताबाईंना हवं ते माणूस मिळालं. वासुदेवरावांच्या शेतात दोन सारख्या बांध्या धरल्या. एकीत कुंताबाईंची गाणारी टोळी, दुसरीत शालूची, जिथं कुणी गात नसे. कुंताबाईंची बांधी तासभर आधी संपली. त्या चिखलातच नाचल्या.

"लिही पोरी, गाण्यानं झालं!"

"कसं लिहू मावशी? टोळीत बाया तुम्हीच निवडून घेतल्या, साऱ्या चपळ. शालूताईकडं दोन म्हाताऱ्या, तीन नवख्या. गाणं नसतं तरी तुम्हीच जिंकल्या असत्या."

कुंताबाईंचा नाच थांबला. "मंग खरं कसं समजन?"

"चोवीस जणींच्या चिठ्ठ्या टाकायच्या. कोण गाणार, कोण मुकं राहणार, हे चिठ्ठी ठरवेल. चपळ आणि हळू दोन्हीकडं आपोआप वाटल्या जातील. मग मोठा फरक पडला तर तो गाण्याचाच म्हणता येईल. तो खरा प्रयोग. आयत्या टोळ्यांची तुलना केली, तो अर्धप्रयोग."

"मी अर्धं काईच करत नाही. टाक चिठ्ठ्या!"

दुसऱ्या दिवशी सकाळी कुंताबाईंनी स्वतःची चिठ्ठी उघडली. मुकी! बाया हसून हसून धुऱ्याच्या बांधावर बसल्या.

तासभर त्या ओठ दाबून रोवत राहिल्या. मग कंबर डोलायला लागली. शेजारच्या बांधीतून गाणं येत होतं आणि त्यांच्या बांधीतल्या साऱ्याजणी त्याच तालावर वाकत होत्या. तेवढ्यात तिकडं कुणीतरी ओळ चुकवली.

"अवो, 'सासूच्या तोंडाले झाकण काय' म्हना! 'राखण' कोनं सांगितलं?" कुंताबाई ओरडल्या, आणि बरोबर ओळ खड्या आवाजात गाऊनच दाखवली. झालं! दोन्ही बांध्या एका सुरात गायला लागल्या. अंजूची वही चिखलात पडली, कारण तीही टाळ्या वाजवत होती.

"बुडाला माझा खरा प्रयोग," ती डोळे पुसत म्हणाली. "आता अर्धाच करू, पण नीट."

दोन्ही टोळ्या जुन्याच ठेवल्या, पण बांध्या रोज सारख्याच मापाच्या आणि लांब लांबच्या घेतल्या. पहिले दोन दिवस दोन्ही टोळ्यांनी मुकाट रोवायचं. पुढचे दोन दिवस कुंताबाईंच्या टोळीनं गायचं, शालूच्या टोळीनं गप्प राहायचं. कोण जिंकलं हे बघायचंच नाही. कोणती टोळी स्वतःच्याच आधीच्या वेळेपेक्षा किती पुढं गेली, ते बघायचं. जवळ चुकीचं गाणारं कुणी नसल्यामुळे कुंताबाईंना गप्प राहणं जमलं. तोंडात सुपारी होतीच.

शालूच्या टोळीची वेळ होती तिथंच राहिली. कुंताबाईंची चाळीस मिनिटांनी घटली.

"बहुतेक गाण्यानंच," अंजू म्हणाली. "पण छातीठोक नाही सांगता येत. त्याच दोन दिवसांत वासुदेवरावांनी तुमच्याच टोळीला चिवडा दिला ना?"

"चिवड्यानं हात नाही पयत पोरी, तोंड चालते!"

तरी अंजूनं वहीत 'बहुतेक' असंच लिहिलं. कुंताबाईंनी तो शब्द दोनदा वाचून घेतला आणि खूश होऊन तिच्या गालाला चिखलाचं बोट लावलं.

काम संपल्यावर शालू आपली टोळी घेऊन आली. "कुंताकाकू, आमाले बी शिकवा."

सगळ्यात पुढं साठीची धुरपता होती. जन्मात ती कधी गायली नव्हती. तिनं पदर खोचला, डोळे मिटले आणि असा काही भसाडा सूर लावला की पलीकडच्या बांधीतले सगळे बगळे एकदम उडाले.