तिरपा टाका

कॉलर शिवावी तर वहिनीनंच, असं त्या कारखान्यात सगळे म्हणायचे. कारखाना म्हणजे काय, एक लांबडी खोली, तिच्यात खडखडणारी शिलाई मशीनं आणि पायाखाली कातरणांचा सडा. शाळेच्या पोरांचे शर्ट तिथं शिवले जात. वहिनी स्वतः शिवायची आणि सगळ्यांचा माल तपासायचीही. कॉलरीचं टोक अंगठ्यावर दाबायची. टोचलं तर पास, नाही टोचलं तर उसव.

तिचं स्वतःचं टोक हमखास टोचायचं, कारण बापानं, तो शिंपीच होता, तिच्या हाताला एक खोड लावून दिली होती. कोपऱ्यात मशीन वळवताना ती एक टाका तिरपा टाकायची. कॉलर उलटवली की तो आत झाकला जायचा. कुणाला दिसायचा नाही आणि तिनं कुणाला दाखवलाही नव्हता.

मग दिराचं लग्न झालं आणि धाकटी जाऊ त्याच कारखान्यात आली. तिथून वहिनीच्या पोटात दुखायला लागलं. धाकटी हसत काम करायची, मशीनवर गुणगुणायची, मालकाशीही न लाजता बोलायची. तेवढं चाललं असतं. पण इतकी वर्षं थोरलीच्या हातचं घालणाऱ्या सासूबाईंनी नवा गाऊन धाकटीकडून शिवून घेतला, वर शेजारणीला गळा दाखवत फिरल्या. वहिनीनं त्या दिवशी भांडी अशी घासली की सासऱ्यांनी विचारलं, "कुणाला घासतेस गं?"

कारखान्यात ओळखीसाठी प्रत्येकीच्या गठ्ठ्याला रंगीत दोरा असे. वहिनीचा लाल, धाकटीचा हिरवा. हिरवा दोरा दिसला की वहिनीचा अंगठा आधीच नापास म्हणायचा. ती ब्लेडनं कॉलर उसवायची आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं विचारायची, माहेरी पोती शिवत होतीस का? धाकटी मान खाली घालून पुन्हा शिवायची. गुणगुणणं बंद झालं, तेव्हा वहिनीला बरं वाटलं. खोटं कशाला बोला, चांगलंच बरं वाटलं.

हंगाम संपत आला. धाकटीला कायम ठेवायचं की घरी पाठवायचं, हे मालकानं वहिनीवर सोपवलं. दीर तेव्हा रिकामाच बसला होता, त्या दोघांची चूल धाकटीच्या कामावर पेटत होती. वहिनीला ते पुरतं ठाऊक होतं. तरी तिनं मालकाला टेबलापाशी बोलावलं, हिरव्या दोऱ्याच्या गठ्ठ्यातला शर्ट ओढला, आणि म्हणाली, हे टोक आहे की म्हशीचं नाक, तुम्हीच बघा. टोक खरंच बोथट होतं. तिनं सगळ्यांदेखत कॉलर उसवली.

आत तिरपा टाका होता.

वहिनीच्या कानशिलापर्यंत रक्त चढलं. डोक्यात पहिलं आलं ते हेच, की भवानीनं माझा टाका चोरला. आणि ती तसं बोललीही. "माझ्या बापाचा टाका आहे हा. चोरून बघत होतीस?"

धाकटीला काही कळेना. ती वाकून बघत राहिली. "ताई, हा मला येत नाही हो. मी कोपऱ्यात दोरा घालून टोक बाहेर ओढते. त्याचं बारीक शेपूट राहतं आत."

वहिनीनं लाल दोऱ्याचा शर्ट घेतला. तिनंच सकाळी स्वतःलाच शाबासकी देऊन पास केलेला. उसवला. आत दोऱ्याचं शेपूट.

खोलीतली मशीनं थांबली. काजं करणारे काका मात्र उगाच पायडल मारत होते. काजं करायला गठ्ठे तेच सोडायचे आणि तेच परत बांधायचे. मालकानं बघितल्यावर ते पुटपुटले, "मला लाल-हिरवं सारखंच दिसतं. थोरलीचा गठ्ठा उजव्या हाताला असायचा, तेवढ्यावर चाललं होतं."

मध्यंतरी खोलीचं रंगकाम झालं तेव्हा काकांचं टेबल फिरवलं होतं. दोघी जावा गठ्ठे जुन्याच जागी ठेवत राहिल्या, आणि काकांचा उजवा हात दुसरीकडे गेला. म्हणजे रंगकामापासून वहिनी स्वतःच्याच कॉलरी उसवत होती. जळफळत शिवलेल्या, म्हणून बोथट झालेल्या.

मालकानं विचारलं, मग काय करू? आताही गप्प बसता आलं असतं. धाकटी सुईत दोरा ओवत होती आणि तो ओवला जात नव्हता.

"ठेवा तिला," वहिनी म्हणाली. "आणि तपासायच्या आधी दोरे बांधू नका. सगळा माल एकात कालवून द्या. मला रंग दिसला की माझं डोकं चालत नाही."

काका म्हणाले, "म्हणजे आता आपण दोघं सारखेच." वहिनी सोडून सगळे हसले.

तेव्हापासून माल तसाच येतो. टोक टोचलं की तिला वाटतं, हे माझंच असावं. उसवून बघायला बोटं शिवशिवतात, पण ती शर्ट पुढं सरकवते. जाऊ गुणगुणायला लागली की अजून कपाळावर आठी येते. सासूबाईंच्या गाऊनचा गळा मात्र तिनं एकदा दोरीवरून काढून नीट चाचपला आणि चांगला बसलाय म्हणाली. रंग काही त्यांना शोभत नाही, हे तिचं म्हणणं अजून कायम आहे.