कातळ दीड फूट वाढला

भिसेगावातल्या आमच्या ऑफिसात एक जुनाट कॉम्प्युटर आहे आणि त्यात रस्ते-मोऱ्या आखायचं त्याहून जुनाट सॉफ्टवेअर. काळा पडदा, माउस चालत नाही, जमिनीची एकेक उंची हाताने टाइप करायची. सगळे म्हणतात, "मॅडम, आता तरी भंगारात घाला." मी म्हणते, आधी माझ्याइतकं चोख काम करून दाखवा, मग आम्हा दोघांना एकदमच घाला.

खालापूरकडे डोंगराखालच्या एका वाडीच्या ओढ्यावर मोरी बांधायची होती. जागा बघायला गेले तेव्हा वाडीतली एक बाई समोर येऊन उभी राहिली. "पावसाच्या आदी होल ना? सून पोटुशी हाय. मागच्या खेपेला पानी आलं, जीप पल्याडच राहिली. पोर गेलं." मी होईल म्हणून शब्द देऊन बसले.

मोजणीचे आकडे आले. नव्या सॉफ्टवेअरने ते एका घासात गिळले आणि देखणा रंगीत नकाशा काढला. मोरी पुराच्या पाण्याच्या चांगली वर. साहेब खूश! मी मात्र हट्टाने तेच आकडे जुन्यात टाइप करायला बसले. त्याच ओढ्याचं मी पूर्वी केलेलं काम शेजारी छापून ठेवलं होतं. ओढ्यातल्या कातळाचा आकडा आला आणि बोटं थांबली. जुन्यापेक्षा दीड फूट वर. अहो, गाळ साचेल, वाळू साचेल, कातळ कधी वाढतो का?

दुसऱ्या दिवशी सकाळीच त्या वाडीच्या गावचं देऊळ गाठलं. तिथल्या सर्व उंच्या आम्ही देवळाच्या वरच्या पायरीवरच्या लाल बाणापासून मोजतो; बाणाची उंची त्याच्या शेजारीच लिहिलेली असते. बघते तर पायरीवर बाणच नाही! तो खाली पाराच्या कट्ट्यावर, आकड्यासकट, नवाकोरा.

"नवी फरशी बसवली ना ताई," पुजारीबुवा कौतुकाने म्हणाले. "सरकारी आकडा, त्याला लोकांचे पाय लागत व्हते. म्हनून आमीच खाली काढला. अक्षर बगा की!"

अक्षर खरंच सुरेख होतं. माझा असा संताप झाला, पण त्या भल्या माणसाला बोलणार काय? आकडा तोच, बाण दीड फूट खाली आणि नवी मोजणी त्याच्यावरून, म्हणून कातळ वाढला! पुराच्या पाण्याची पातळी पूर्वीच जुन्या पायरीवरून मोजलेली, मोरी मात्र या कट्ट्यावरून बांधली जाणार. म्हणजे ती दीड फूट खाली, पाण्यात बसली असती.

तडक ऑफिसात येऊन साहेबांपुढे दोन्ही कागद आपटले. त्यांनी कातळाचे आकडे पाहिले आणि सुधारलेल्या उंचीवर सही केली. मे महिन्यात मोरी झाली, खऱ्या उंचीवर.

श्रावणात तीन दिवस नुसता कोसळत होता. चौथ्या दिवशी त्या बाईचा फोन. "पानी मोरीच्या खाली हातभर व्हतं बाय, वर नाय आलं. जीप गेली. नात झाली."

"बरं झालं गं," एवढंच मी म्हणाले. मग फोन ठेवला आणि सगळ्या ऑफिसासमोर ढसाढसा रडले. खाली हातभर म्हणजे दीड फूटच की हो.